मूळ कागद

कोर्टनाक्याला, स्टॅम्पपेपरवाल्याच्या शेजारी
माझं झेरॉक्सचं दुकान आहे. दुकान म्हणजे
जिन्याखालची जागा. मशीन, मी,
आणि एक स्टूल, ज्यावर कोणी बसत नाही.

पूर्वी गोखले रोडला, दुसऱ्या मजल्यावर, एसी होता.
भिंतीवर हिरवे-लाल आकडे पळायचे
आणि लोक मला कर्णिकसाहेब म्हणायचे.
साडेतीनला बाजार मिटला की खालून कटिंग यायचा,
आणि मी ड्रॉवर उघडून सह्या मोजायचो.

सह्या. कोऱ्या स्लिपांवरच्या.
"तुम्हीच भरा हो, आम्हाला काय कळतंय त्यातलं."
चेंदणीच्या हरेश्वर नाखवांची सही
ओहोटीला कलंडलेल्या होडीसारखी, एका अंगावर.
चरईच्या कुमुदिनी टिपणीसांची गोल, ठाम,
शिक्का मारावा तशी –
बत्तीस वर्षं पोस्टाच्या खिडकीत
दुसऱ्यांचे पैसे मोजले होते त्यांनी.
माझ्याकडे न मोजता सही केली.

नीलांबर पॉलिफिल्म्स.
नाव मी ठेवलं नव्हतं. भाव मी ठेवला.
वागळे इस्टेटला कंपनीचं गेट होतं,
गेटला कुलूप, कुलपाला गंज,
आत एक चाफा, आणि कोणी हुसकत नसलेला कुत्रा.
मी एकदा जाऊन बघून आलो होतो.
चौकशीत हे कुणी विचारलं नाही,
म्हणून सांगितलं नाही.

आम्ही तिघं. मी विकायचो, भाईंदरचा वीरेन घ्यायचा,
वीरेन विकायचा, तिसरा घ्यायचा, तिसऱ्याकडून मी.
तेच शेअर, तेच पैसे, गोल गोल.
लहानपणी मामाचं पत्र खेळायचो ना, तसं.
फक्त त्यात
मागे हात नेऊन चाचपून बघायची मुभा असते.
आमचा रुमाल बाईंच्या पाठीशी पडला
तेव्हा बाई पुढेच बघत होत्या.
माझ्याकडे.

स्लिपांवर आकडे मी भरले, निळ्या शाईने.
नाखवांचे बँकेचे शेअर गेले, नीलांबर आलं.
अकराचा एकशे चाळीस झाला, मग
विचारणारंच कोणी उरलं नाही.
"थांबा," मी फोनवर सांगायचो, "वर येईल."
त्या थांबल्या.
मी केव्हाच बाहेर पडलो होतो.

सेबीने पाच वर्षं बंदी घातली. दंड भरला,
घोडबंदरचा फ्लॅट विकून. पावती आहे.
आदेशात मी नोटिसी क्रमांक सात.
चौदा पानं, इंग्रजीत, आणि सगळं आपोआप घडलेलं:
शेअर हस्तांतरित करण्यात आले. भाव वाढवण्यात आला.
कोणी, ते क्रियापदाला माहीत नाही.
सकाळी मशीन तापेपर्यंत मी ते मराठीत आणतो:
मी केले. मी वाढवला.
शाळेत 'प्रयोग बदला'ला दोन मार्क असायचे.
माझे नेहमी जायचे.

नाखवा गेले. त्यांचा मुलगा एकदा
दुकानासमोर उभा राहिला, मला नीट बघितलं,
आणि आधार कार्डाची झेरॉक्स
पलीकडच्या दुकानात काढली.

टिपणीस बाई परवा आल्या, मंगळवारी.
यजमानांच्या मृत्यूचा दाखला, घडीवर फाटत आलेला.
ओळखलं की नाही, चष्म्यामागे कळेना.
"दोन प्रती," म्हणाल्या.
"आणि मूळ कागद आधी हातात दे."

झाकणाच्या फटीतून उजेड सरकत गेला, परत आला.
मूळ कागद दिला. मग प्रती.
दहाची नोट. चार माझे. सहा परत:
एक पाचचं नाणं, एक रुपयाचं.

त्यांनी मोजले.
मग पायरी उतरून,
उन्हात तळहात उघडून,
पुन्हा मोजले.